मदत हवी आहे: फॅरेलच्या कादंबऱ्या आणि बेसबॉल

मंडळी, जेम्स टी. फॅरेल कोणी वाचलाय का? शिकागोच्या साउथ साइडमधल्या आयरिश कष्टकरी वस्तीवर लिहिणारा. 'स्टड्स लोनिगन'चे तिन्ही भाग (१९३२ ते ३५) संपवले, आता डॅनी ओ'नीलची मालिका घेतली आहे. घरी खाणारी तोंडं फार, म्हणून आजीकडे वाढणारा आणि बेसबॉलचं वेड घेतलेला पोरगा.

रात्री जेवणं झाली की थोडं थोडं मराठी करून बाबांना वाचून दाखवतो. ते गिरणीत होते, त्यामुळे भाडं, दारू, घरातली भांडणं त्यांना समजावून सांगावी लागत नाहीत. गाडी अडते ती बेसबॉलपाशी. "चेंडू बॅटला लागलाच नाही, मग आउट कसा? आणि स्टंप कुठायत?" तीन स्ट्राइक (चेंडू तीनदा हुकला की आउट) सांगून झाले, पण शॉर्टस्टॉपला, म्हणजे दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मधे उभ्या राहणाऱ्या क्षेत्ररक्षकाला, काय म्हणू? गली म्हटलं तर बाबा लगेच स्लिप शोधतात!

अमेरिकेत राहून हा खेळ पाहणारं कोणी आहे का इथे? सोप्या मराठीत दोन-चार ओळी लिहाल? शिवाय शिकागोच्या व्हाइट सॉक्स या बेसबॉल संघाचं १९१९ चं मॅच-फिक्सिंग प्रकरण आधी समजून घ्यावं, की वाचता वाचता कळतं?