नव्ह शापेल, फ्रान्समधलं खेडं: बाबांना घेऊन जावं का?

दापोलीची_स्मिता
नमस्कार मंडळी. भाऊ फ्रान्समधल्या लील शहरात शिकतोय, मे महिन्यात आई-बाबांना घेऊन त्याच्याकडे जातेय. पॅरिस ठरलंय, पण बाबांचं मन आहे ते नव्ह शापेल नावाच्या एका खेड्यात, तिथे पहिल्या महायुद्धातल्या हिंदुस्थानी सैनिकांचं स्मारक आहे. बाबांचे चुलत आजोबा त्या लढाईला गेले ते परत आलेच नाहीत, कुठल्या मुलखात गेले तेही घरात कुणाला ठाऊक नाही. आमच्या गावात देवळाजवळ तो दगड आहे ना, या गावातून इतके लढाईला गेले त्यातले इतके मेले असा, त्यावर नुसते आकडे आहेत, नाव एकाचंही नाही. बाबांना वाटतं त्यांचं नाव फ्रान्सच्या भिंतीवर सापडेल. कुणी गेलंय का? स्मारक सोडून गावात काय आहे, आणि बाबांची सत्तरी झालीय, त्यांना झेपेल का?

खेडचा_फौजी
स्मिताताई, जाच. पण बाबांना आधी एक सांगून ठेवा, नाहीतर तिथे जाऊन जिवाला लागेल. कोकणातली पोरं ज्या मराठा पलटणींत भरती झाली त्या बहुतेक मेसोपोटेमियात गेल्या, म्हणजे आजच्या इराकमध्ये. तिथल्या कुत शहराच्या वेढ्यात 103 आणि 110 नंबरच्या मराठा पलटणी होत्या. तिकडे गेलेल्यांची नोंद बसऱ्याच्या स्मारकाखाली येते, फ्रान्सच्या नाही.

फ्रान्समध्ये मराठी माणसं होती ती मुख्यतः खडकीच्या सॅपर्स अँड मायनर्समध्ये, आजचे बॉम्बे सॅपर्स. नव्ह शापेल म्हटलं की सगळे मार्च 1915 ची लढाई सांगतात पण मला त्याच्या आधीची जास्त महत्त्वाची वाटते. 28 ऑक्टोबर 1914. गाव जर्मनांनी घेतलं होतं, ते परत घ्यायला 47 वी शीख पलटण आणि खडकीच्या 20 आणि 21 नंबरच्या कंपन्या पाठवल्या. ही माणसं पूल बांधायला, खंदक खणायला शिकलेली, त्यांना पायदळ म्हणून पुढे काढलं आणि ती उघड्या शेतातून चालत गावात घुसली, घराघरात संगिनीने लढली. मागून कुमक आलीच नाही म्हणून हातात आलेलं गाव सोडावं लागलं. दोन्ही कंपन्यांचे जवळजवळ सगळे गोरे ऑफिसर त्या एका दिवसात मेले किंवा जखमी झाले, जवानांचं काय झालं असेल बघा. आपल्याकडे शाळेत यातलं एक अक्षर शिकवत नाहीत याचं मला फार वाईट वाटतं.

मग 10 मार्च 1915 ला सकाळी साडेसातला तोफा सुरू झाल्या, 35 मिनिटं, आणि गाव त्याच सकाळी घेतलं, पण पुढे तीन दिवस काही सरकेना. गढवाल रायफल्सच्या गब्बर सिंग नेगींना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला तो इथलाच. ब्रिटिश आणि हिंदी मिळून 11 हजारांवर माणसं मेली, जखमी झाली नाहीतर बेपत्ता झाली, त्यात आपली 4 हजारांच्या वर.

लीलवासी_कुडाळकर
ताई, आमच्या गावात पण तसोच दगड आसा. मी लीलला असतो, जाऊन आलोय तिथे.

बाबांना नक्की झेपेल, सगळं सपाट आहे, आपल्या भाताच्या खाचरांसारखं, थोडं खणलं की पाणी, म्हणून तेव्हा खोल खंदक खणताच येत नव्हते, मातीच्या पोत्यांचे बांध घालून त्याच्याआड बसायचे. लीलहून ट्रेनने ला बासेला उतरा, तिथून पुढे गाडीने थोडंच अंतर. भावाला टॅक्सी आधीच सांगून ठेवायला लावा, खेड्यात आयत्या वेळी मिळत नाही. तिकीट वगैरे काही नाही.

स्मारक गावाबाहेर चौकात आहे. गोल आवार, पुढच्या बाजूला साधारण 15 मीटरचा खांब, वर कमळ, अशोकस्तंभाच्या धर्तीवर. खांबाच्या दोन बाजूंना दगडी वाघ. दर्शनी बाजूला सांचीसारखं जाळीचं कुंपण, आणि मागच्या अर्ध्या गोलात भिंत, तिच्यावर पलटणवार नावं, 4,700 च्या वर, ज्यांची कबर सापडलीच नाही अशांची. हर्बर्ट बेकरने डिझाइन केलंय, ज्याने दिल्लीचं सेक्रेटरिएट बांधलं तोच. उद्घाटन 1927 चं. भिंतीपाशी वेळ घ्या, घाई करू नका. सॅपर्सच्या नावांत आपल्याकडची नावं इंग्रजी अक्षरांत दिसतात तेव्हा माणूस तिथून हलत नाही.

गाव म्हणाल तर जुनं काही उरलंच नाही, लढाईत घर न् घर पडलं, आज दिसतं ते सगळं 1918 नंतर बांधलेलं. चर्च, विटांची घरं, शेतं, बस. जुनी फ्रेंच घरं बघायच्या आशेने जाल तर तसं काही दिसायचं नाही.

रेवदंड्याची_वसुधा
एक राहिलं. तिथून जवळच रिशबूरला पोर्तुगीज सैनिकांची दफनभूमी आहे, 1,800 च्या वर कबरी. आम्ही पोर्तुगीजांच्या तटबंदीतच राहणारी माणसं, म्हणून मला हे वाचून फार वेगळं वाटलं, तीच शेतं, आपली माणसं 1914-15 मध्ये पडली आणि त्यांची 9 एप्रिल 1918 ला. नव्ह शापेलमध्ये तोफांनी हातपाय तुटलेला एक ख्रिस्ताचा क्रूस उभा होता, तो 1958 मध्ये पोर्तुगालला दिला, आता बातालियाच्या मठात त्यांच्या अनाम सैनिकांच्या थडग्याजवळ आहे. तेवढ्या एका क्रूसासाठी त्यांनी इतकी वर्षं आठवण धरून ठेवली. तुम्ही दोन्ही ठिकाणी जा.

दापोलीची_स्मिता
सगळ्यांचे मनापासून आभार, बाबांना मोठ्याने वाचून दाखवलं. फौजीकाका, पलटण कुठली हे आता कसं शोधायचं? घरात कागद एकही नाही. आत्याकडे एक मेडल आहे एवढंच.

खेडचा_फौजी
अहो मग अर्धं काम झालंच की! मेडलची कड भिंगातून बघा, नंबर, नाव आणि पलटण तिथे बारीक कोरलेली असते. घासूपुसू नका, चिंच तर अजिबात लावू नका, अक्षरं जातील. मग कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्ह्ज कमिशनच्या, म्हणजे या कबरी आणि स्मारकं सांभाळणाऱ्या संस्थेच्या, साइटवर शोधा, फुकट आहे. कारकुनांनी नावं कानाला येतील तशी लिहिलीत म्हणून स्पेलिंग चार-पाच तऱ्हेने टाकून बघा. कधी कधी बापाचं नाव आणि गावही दिलेलं असतं. जिल्हा रत्नागिरीच टाका, सिंधुदुर्ग 1981 ला वेगळा झाला, त्यामुळे मालवण-देवगडवाल्यांनीही तेच करायचं. आणि मेडल चांदीचं आहे की ब्राँझचं तेही बघा, पंखवाल्या देवीचं व्हिक्टरी मेडल सगळ्यांनाच ब्राँझचं मिळायचं, पण राजाचं डोकं असलेलं ब्रिटिश वॉर मेडल ब्राँझचं असेल तर ते बहुधा लेबर कोअर किंवा फॉलोअर, म्हणजे हमाल, भिस्ती, खेचरवाले अशांपैकी असणार, मग पलटणीच्या यादीत न शोधता तिकडच्या यादीत शोधावं लागेल. कडेचा फोटो इथे टाका, मी वाचून देतो.