ब्लूमफिल्डला विसरू नका

इंग्लिश फुटबॉलच्या खालच्या डिव्हिजनमधला खेळाडू एका क्लबात टिकतच नाही, हे मला पटत नाही. वायकॉम्ब वाँडरर्सचा मिडफिल्डर मॅट ब्लूमफिल्ड बघा. इप्सविचच्या ज्युनियर संघातून २००३ च्या डिसेंबरमध्ये आला आणि थेट २०२२ ला निवृत्त होईपर्यंत तिथेच राहिला. ५५८ सामने!

आणि दिवस काही सुखाचे नव्हते. मे २०१४ मध्ये शेवटच्या दिवशी टॉर्कीला ३-० हरवलं, तिकडे ब्रिस्टल रोव्हर्स हरले, म्हणून केवळ गोलफरकावर क्लब लीगमध्ये, म्हणजे वरच्या चार स्तरांत, राहिला. नाहीतर थेट त्याखालच्या नॉन-लीगमध्ये! पुढच्याच वर्षी वरच्या डिव्हिजनमध्ये जाण्यासाठीच्या प्ले-ऑफ फायनलमध्ये, वेम्बलीत साउथएंडकडून पेनल्टीवर हार.

मग जुलै २०२०, पुन्हा प्ले-ऑफ फायनल. कोविडमुळे वेम्बलीच्या खुर्च्या रिकाम्या, ऑक्सफर्डशी १-१, आणि ७९ व्या मिनिटाला वायकॉम्बच्या जेकबसनची विजयी पेनल्टी. क्लब इतिहासात पहिल्यांदाच चॅम्पियनशिपमध्ये, म्हणजे इंग्लंडच्या दुसऱ्या स्तरावर! ब्लूमफिल्ड तेव्हा ३६ वर्षांचा होता. त्याच्यासाठी फार बरं वाटलं होतं.

शेवट मात्र चटका लावणारा झाला. डोक्याला मार लागून कन्कशन झालं आणि त्यामुळेच बूट टांगावे लागले. साधारण वर्षभराने, २०२३ मध्ये, तो वायकॉम्बला मॅनेजर म्हणून परतला.