‘स्टॅम्प माफ’ म्हणजे नेमकं काय माफ?

बहिणीच्या वाटपाच्या दाव्याचा मसुदा वाचतोय. त्यात ‘दाव्याची आकारणी कोर्ट फीकरिता’ असं एक कलम आहे, आणि शेवटी ‘सरसनिरस मानाने वाटप होऊन स्वतंत्र ताबा मिळावा’. वकिलांचे कारकून म्हणाले, बाईमाणसाला स्टॅम्प माफ. चुलतभाऊ म्हणतो, निकालानंतर स्टॅम्प भरावाच लागतो. खरं कुणाचं? आणि सरसनिरस हा काय प्रकार?

— दोघांचंही खरं आहे, कारण दोघांचे स्टॅम्प वेगळे. कोर्टाच्या आवारात ‘दाव्याला स्टॅम्प किती लागला?’ असं विचारलं की ती कोर्ट फी. पूर्वी दाव्यावर तिकिटं डकवत, त्यावरून ही बोली. महाराष्ट्रात ही फी 1959 च्या कोर्ट फी कायद्याने घेतात, आणि 1 ऑक्टोबर 1994 च्या अधिसूचनेने पोटगी, मालमत्तेचे वाद, हिंसाचार आणि घटस्फोट या प्रकरणांत स्त्री पक्षकारांना ती माफ आहे.

दुसरा स्टॅम्प म्हणजे मुद्रांक शुल्क. वाटपाचा अंतिम हुकूमनामा मुद्रांक कायद्याच्या लेखी वाटणीपत्रासारखाच दस्त ठरतो, म्हणून तो मुद्रांकावर उतरवावा लागतो. 1994 ची माफी तिथवर पोचत नाही. लिहिताना तरी ‘कोर्ट फी’ आणि ‘मुद्रांक’ असे दोन शब्द वापरावेत. ‘स्टॅम्प’मुळे घराघरांत गैरसमज झालेले पाहिलेत.

— ‘आकारणी’बद्दल. इथे फी आकारणं हा अर्थ नाही. दाव्याचं मोल किती धरायचं, ते ठरवणं म्हणजे आकारणी. फीसाठी धरलेली किंमत आणि दावा कोणत्या कोर्टात चालेल ते ठरवणारी किंमत एकच असेल असं नाही, म्हणून मसुद्यात दोन्ही लिहितात. फी माफ असली तरी हे कलम गळत नाही, ते यामुळेच.

लोक चुकतात ते ‘मिळकतीची किंमत’ आणि ‘दाव्याची किंमत’ यांत. कोर्ट फी कायद्याच्या कलम 6 मध्ये वाटपाच्या दाव्याची फी मागितलेल्या हिश्श्याच्या किमतीवर आहे. घर 40 लाखांचं आणि हिस्सा एक चतुर्थांश, तर हिशेब 10 लाखांवर. वादीचा प्रत्यक्ष ताबा असो वा नसो, असंही तिथे म्हटलंय. इतर काही राज्यांत संयुक्त ताबा असला तर फी ठरावीक, नसला तर किमतीवर. त्यामुळे तिथे ‘ताबा’ या शब्दावरच वाद रंगतो.

शेतजमिनीत अजून एक शब्द नडतो : ‘आकार’. सातबाऱ्यावरचा आकार म्हणजे शेतसारा, क्षेत्रफळ नव्हे. सारा भरणाऱ्या जमिनीचं मोल बाजारभावाने न धरता या आकाराच्या पटीत धरतात. हमरस्त्याला लागलेल्या जमिनीच्या दाव्याची किंमत एवढी किरकोळ कशी, याचं उत्तर त्यात आहे.

— सरसनिरस : सरस म्हणजे चांगली, निरस म्हणजे डावी. एकाला विहिरीची काळी जमीन आणि दुसऱ्याला माळ, असं होऊ नये म्हणून प्रतवारी बघून वाटायचं. इंग्रजी मसुद्यातल्या ‘मीट्स अँड बाउंड्स’चा प्रतिशब्द म्हणून हा सर्रास टाकतात, पण त्या इंग्रजी शब्दांत फक्त हद्दी आहेत, प्रत नाही. मराठी शब्द जास्त मागतो. मला तोच आवडतो.

— ‘वाटप’ की ‘वाटणी’? घरात आम्ही वाटणीच म्हणतो.

— घरात वाटणीच. ‘माझ्या वाटणीला आलं’ म्हणतात, ‘वाटपाला आलं’ कुणी म्हणत नाही. वाटप ही क्रिया, वाटणी ही क्रियाही आणि पदरात पडलेला वाटाही. दाव्यात ‘वाटप’ रुळलंय, तेच ठेवा.

— आभार. कारकुनांना विचारलं. म्हणाले, ‘मी दाव्याच्या स्टॅम्पबद्दल बोलत होतो, हुकूमनाम्याचं तुम्ही विचारलंच नाही.’