मुलीने सांगितले, मी लिहून ठेवले. संस्था म्हणते, 'आधी खात्री करा'

नवखी समुपदेशक, नाशिक

नमस्कार. नाशिकमधील एका स्वयंसेवी संस्थेच्या अभ्यासिकेत मी सात महिन्यांपासून समुपदेशक म्हणून काम करते. समाजकार्याची पदव्युत्तर पदवी घेतली आहे, पण बाल संरक्षणाचे प्रत्यक्ष काम हे पहिलेच. काल सायंकाळी अभ्यासिका बंद करताना दहा-अकरा वर्षांची एक मुलगी दप्तर भरण्याचे निमित्त करून मागे रेंगाळली आणि "ताई, मला त्या काकांकडे शिकवणीला जायचं नाही," एवढेच म्हणाली. मी कारण विचारल्यावर तिने दोन-तीन वाक्यांत जे सांगितले, त्यावरून प्रकार साध्या रागावण्याचा नाही, हे माझ्या लक्षात आले. "आईला सांगू नका," असेही ती म्हणाली, आणि मी घाईघाईत "नाही सांगणार" असे बोलून गेले. ती गेल्याबरोबर हाताशी असलेल्या हजेरीच्या कागदाच्या मागच्या बाजूला तिची वाक्ये मी लिहून ठेवली.

आज सकाळी संस्थेच्या सचिवांना हे सांगितले. ते वाईट माणूस नाहीत, पण शिकवणी घेणाऱ्या त्या गृहस्थांचे वस्तीत वजन आहे. सचिवांचे म्हणणे असे पडले की मुलगी लहान आहे, गैरसमज असू शकतो, तेव्हा आधी मी तिला पुन्हा बोलावून सविस्तर विचारावे, मग विषय आपल्या कार्यकारिणीपुढे ठेवू, आणि तोपर्यंत कुठेही वाच्यता नको. मला हे पटत नाही, पण नेमके काय चुकते आहे तेही नीट सांगता येत नाही. मी तिला पुन्हा विचारावे का? विचारले तर काय? पालकांना आधी कळवायचे की नंतर? आणि मी तिला दिलेल्या शब्दाचे काय करायचे?

(संपादन: पहिल्या प्रतिसादातील सूचनेनुसार वस्तीचे नाव, मुलीच्या वडिलांचे काम आणि शाळेचा उल्लेख काढून टाकला आहे.)

बाल कल्याण समितीचे माजी सदस्य

ताई, सर्वप्रथम तुमच्या प्रश्नातील वस्तीचे नाव, वडील कोणत्या प्रकारच्या कारखान्यात आहेत तो उल्लेख आणि शाळा ताबडतोब काढा. मुलीचे नाव लिहिलेले नाही हे खरे, परंतु तीनशे घरांच्या वस्तीत एवढ्या तीन गोष्टींवरून शेजारीण घरापर्यंत पोहोचू शकते. ओळख उघड होईल असा कोणताही तपशील प्रसिद्ध न करण्याचे बंधन पोक्सो कायद्याच्या (लैंगिक गुन्ह्यांपासून बालकांचे संरक्षण करणाऱ्या कायद्याच्या) कलम २३ मध्ये आणि बाल न्याय अधिनियम, २०१५ च्या कलम ७४ मध्ये आहे. ते केवळ वृत्तपत्रांसाठी आहे असे समजू नये. संस्थेच्या व्हॉट्सॲप गटावर "आपल्या सेंटरवरील एका मुलीच्या बाबतीत" अशी सुरुवात करणारे संदेश मी इतके पाहिले आहेत की हे सर्वांत आधी सांगणे मला भाग वाटते.

आता मूळ मुद्दा. तुम्ही जे ऐकले त्यावरून कळवण्याचे कर्तव्य तुमच्यावर कालच आलेले आहे, तेव्हा येथील उत्तरांची वाट पाहत बसू नका. पोक्सो कायदा, २०१२ चे कलम १९ असे सांगते की गुन्हा घडला असल्याची माहिती असलेल्या, किंवा घडण्याची शक्यता वाटणाऱ्या, कोणत्याही व्यक्तीने ती माहिती विशेष बाल पोलीस पथकाला अथवा स्थानिक पोलिसांना दिली पाहिजे. त्यात 'खात्री झाल्यावर' असे शब्द नाहीत. खात्री करणे हे पोलिसांचे आणि शेवटी न्यायालयाचे काम आहे. तुमचे काम ऐकलेले पुढे पोहोचवण्याचे आहे. न कळवल्यास कलम २१ खाली सहा महिन्यांपर्यंत कारावास, दंड किंवा दोन्ही होऊ शकते. हे कर्तव्य तुमचे व्यक्तिगत आहे, म्हणून कार्यकारिणीची बैठक, सचिवांची परवानगी किंवा ठराव यांवर ते अवलंबून राहत नाही. सद्हेतूने माहिती देणाऱ्यावर दिवाणी किंवा फौजदारी जबाबदारी येत नाही, असेही त्याच कलम १९ मध्ये म्हटले आहे, आणि ते वाक्य सचिवांना आवर्जून दाखवा.

प्रत्येक पोलीस ठाण्यात बाल कल्याण पोलीस अधिकारी नेमलेला असतो. त्यांचेच नाव घेऊन विचारा. घटना कोणत्या ठाण्याच्या हद्दीत घडली यावरून तुम्हाला परत पाठवता येत नाही. जाणे शक्य नसेल तर १०९८ या बालकांसाठीच्या मदत क्रमांकावर कळवा. तुम्ही दिलेली माहिती लेखी नोंदवून, तिला नोंद क्रमांक देऊन, तुम्हाला वाचून दाखवणे पोलिसांवर बंधनकारक आहे, म्हणून तो क्रमांक घेतल्याशिवाय उठू नका. पोलिसांनी चोवीस तासांच्या आत बाल कल्याण समितीला (काळजी व संरक्षणाची गरज असलेल्या मुलांबाबत निर्णय घेणाऱ्या समितीला) आणि विशेष न्यायालयाला कळवायचे असते. समितीकडे प्रकरण आले की मुलीच्या काळजीचा प्रश्न एकट्या तुमच्या खांद्यावर राहत नाही.

एका शैक्षणिक संस्थेचे विश्वस्त, नाशिकरोड

माजी सदस्यांनी कायदा अचूक सांगितला आहे, त्याबद्दल वाद नाही. परंतु सचिवांची बाजूही समजून घ्यावी, असे मला वाटते. बऱ्याच वर्षांपूर्वी आमच्या परिचयातील एका शिक्षकावर अशीच तक्रार झाली, पुढे ती निराधार असल्याचे निष्पन्न झाले, पण त्या गृहस्थांना गाव सोडावे लागले. म्हणून दोन जबाबदार महिलांनी मुलीशी शांतपणे बोलावे, तथ्य दिसले तर त्याच दिवशी पोलिसांत जावे, एवढी सावधगिरी गैर कशी म्हणता येईल? शाळांमध्ये मुलांच्या सुरक्षिततेसाठीच्या सखी सावित्री समित्या याचसाठी तर केल्या आहेत.

पोक्सो प्रकरणांत सपोर्ट पर्सन (तपासात व खटल्यात मुलाला साथ देणारी व्यक्ती) म्हणून काम करणारी वकील

विश्वस्त महोदय, आपला हेतू चांगला आहे, आणि नेमक्या अशाच चांगल्या हेतूने केलेल्या 'शांतपणे बोलण्या'मुळे पुढे खटला पोकळ झालेला मी पाहिला आहे, म्हणून थोडे विस्ताराने लिहिते.

काही वर्षांपूर्वी जिल्ह्यातील एका प्रकरणात नऊ वर्षांच्या मुलीने पहिल्यांदा तिच्या बाईंना सांगितले, नंतर मुख्याध्यापकांच्या खोलीत तिघांसमोर, नंतर संस्थेच्या एका पदाधिकाऱ्यांसमोर, आणि पोलिसांपर्यंत प्रकरण पोहोचले तेव्हा ती चौथ्यांदा सांगत होती. दर वेळी विचारणारा वेगळा, प्रश्न वेगळे, त्यामुळे उत्तरेही थोडी वेगळी. एकाने विचारले, "पावसाळ्यात ना?" ती "हो" म्हणाली. दुसऱ्याने विचारले, "दिवाळीच्या सुट्टीत ना?" त्यालाही ती "हो" म्हणाली. मोठ्या माणसाच्या प्रश्नात उत्तर दडलेले असले की मूल ते उचलते. त्याला खोटे बोलणे म्हणत नाहीत, ते आपण शिकवलेले आज्ञापालन असते. उलटतपासणीत बचाव पक्षाच्या वकिलांनी ही सर्व टिपणे एकापुढे एक ठेवली.

त्याच फायलीत आणखी एक गोष्ट होती. मुलीचे मूळ शब्द "तो लई तरास देतो" असे होते. बाईंच्या नोंदीत त्याचे "लैंगिक अत्याचार करतो" झाले होते, कारण बाईंना ते अधिक योग्य मराठी वाटले. न्यायालयात साधा प्रश्न आला: नऊ वर्षांच्या मुलीने हे शब्द वापरले का? नसतील, तर ते कोणाचे? बाईंकडे उत्तर नव्हते. 'तरास' म्हणजे काय, हे मुलीला पुढे तिच्याच शब्दांत आणि हातवाऱ्यांनी सांगता आले असते. आपण तिच्या वतीने भाषांतर करून टाकले की तिचे वाक्य उरत नाही.

म्हणून ताई, पुन्हा बोलावून सविस्तर विचारू नका. काल तुम्हाला कळवण्याइतके समजले, तेवढे पुरे आहे. ती स्वतः होऊन आणखी काही बोलली तर ऐका, थांबवू नका, आणि बोलणे पुढे न्यायचेच असेल तर "मग?" किंवा "अजून सांगायचंय का?" एवढ्यावर थांबा. "त्यांनी हात लावला का? कुठे लावला? कितीदा?" हे प्रश्न तुमचे नव्हेत. मोबाईलवर ध्वनिमुद्रण किंवा चित्रीकरण करू नका. जबाब घेण्याची पद्धत कायद्यानेच आखून दिली आहे: मुलीच्या घरी किंवा तिला बरे वाटेल अशा ठिकाणी, शक्यतो उपनिरीक्षक किंवा त्यावरील दर्जाच्या महिला अधिकाऱ्याने, गणवेश न घालता, आई-वडील अथवा मुलीचा विश्वास असलेल्या व्यक्तीच्या उपस्थितीत, आणि शक्य तेथे दृकश्राव्य मुद्रणासह. दंडाधिकाऱ्यांपुढील जबाब भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८३ खाली (पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १६४) वेगळा होतो. मुलीला सांगावे लागणारच आहे. त्यात आपण आपल्या खोलीतील दोन फेऱ्या वाढवू नयेत.

सखी सावित्री समितीबद्दल एवढेच म्हणेन की शाळेतील वातावरण सुरक्षित ठेवणे, मुलांना बोलण्यास जागा देणे, यासाठी ती उपयुक्त आहे. परंतु गुन्हा घडला की नाही हे ठरवणारे ते चौकशी मंडळ नव्हे. निराधार तक्रारीचे जे भय आपण व्यक्त केले, त्यावरही उपाय लवकर कळवणे हाच आहे, कारण ताजा, एकदाच घेतलेला, न शिकवलेला जबाब निर्दोष माणसाच्याही कामी येतो. घरातल्या घरात घोळलेले प्रकरण मात्र दोन्ही बाजूंना कायमचे संशयात ठेवते. वसतिगृहातील मुलींवर उपचार करणाऱ्या डॉक्टरने अत्याचार कळवले नाहीत, असा आरोप असलेले महाराष्ट्रातीलच एक प्रकरण २०२२ साली सर्वोच्च न्यायालयात गेले होते, आणि तत्काळ व योग्य रीतीने माहिती देण्याचे महत्त्व न्यायालयाने त्यात स्पष्ट शब्दांत मांडले आहे.

वैद्यकीय तपासणीबाबत एक गैरसमज नेहमी दिसतो. गुन्हा नोंदवल्याशिवाय तपासणी होत नाही, हे खरे नाही. कलम २७ नुसार ती त्याआधीही होऊ शकते, मुलीची तपासणी महिला डॉक्टरनेच करायची असते, आणि तातडीचे उपचार देण्यापूर्वी रुग्णालयाने कागदपत्रे मागायची नसतात. जिल्हा रुग्णालयात नेताना सोबत तीच व्यक्ती असावी जिला मुलगी ओळखते. सपोर्ट पर्सनची मागणी बाल कल्याण समितीकडे पहिल्याच दिवशी करा.

आश्रमशाळेतील स्त्री अधीक्षिका, सुरगाणा

वकीलताईंनी 'तरास' शब्दाबद्दल लिहिले, त्यात आमच्या भागाची भर घालते. माझ्याकडील मुली घरी कोकणा ही आदिवासी बोली बोलतात, वर्गात प्रमाण मराठी बोलण्याचा प्रयत्न करतात, आणि घाबरल्या की पुन्हा घरच्या बोलीवर येतात. अशा वेळी मी बोलीतील शब्द जसाच्या तसा लिहिते, आणि अर्थ मला ठाऊक असला तरी त्याच वाक्यात मिसळत नाही. अर्थ सांगायला कायद्याने दुभाषा ठेवलेला आहे. तुमच्या अभ्यासिकेत हिंदी किंवा भोजपुरी बोलणारी मुले असतील तर त्यांनाही हेच लागू होईल.

तुमचा खरा सल मला दिलेल्या शब्दाचा वाटतो, आणि त्यावर कोणी फारसे बोलले नाही. नोकरीच्या पहिल्या वर्षी मीही "कोणाला सांगणार नाही" असे वचन दिले होते, आणि ते मोडल्यावर ती मुलगी सहा महिने माझ्याशी बोलली नाही. तिचे बरोबर होते. आता मी मूल बोलू लागण्यापूर्वी किंवा बोलता बोलताच सांगते की तुझी मदत ज्यांनी करायची आहे त्यांनाच मी सांगेन, आणि सांगण्याआधी तुला कळवेन. तुमच्याकडून वचन जाऊन चुकले आहे, तर पोलिसांकडे जाण्यापूर्वी किंवा त्याच दिवशी तिला भेटून ते स्वतःहून दुरुस्त करा. "मी काल चुकीचं बोलले. हे माझ्यापाशी ठेवता येणार नाही, कारण तुला तिथे पुन्हा जावं लागू नये असं मला वाटतं," एवढे पुरे. तिला न सांगता गाडी दारात उभी राहिली, तर पुढच्या वेळी ती कोणत्याच ताईकडे जाणार नाही.

"आईला सांगू नका" याचा अर्थही एकच धरू नये. बहुतेक वेळा मुलीला आईच्या माराची किंवा रडण्याची भीती असते. क्वचित आई-वडिलांपैकी कोणी त्या माणसाच्या दबावाखाली असते. दुसरी शक्यता जराही वाटली, तर पालकांना केव्हा आणि कोणी सांगायचे हे पोलीस व समिती यांच्याशी बोलून ठरवावे. पहिली असेल तर आईला एकटीला बोलावून, पाणी देऊन, बसवून सांगावे, आणि "मुलीवर ओरडू नका, तिने सांगितलं हे चांगलं केलं," हे वाक्य दोनदा सांगावे, कारण पहिल्यांदा ते ऐकूच जात नाही.

नवखी समुपदेशक, नाशिक

सर्वांचे आभार. दुपारी मुलीला भेटून अधीक्षिकाताईंनी सुचवल्याप्रमाणे बोलले. ती काही वेळ गप्प होती, मग "तुम्ही येणार ना सोबत?" असे तिने विचारले. सचिवांना कलम १९ आणि २१ छापून दिले. ते नाराज होते, पण अडवले नाही, आणि सायंकाळी स्वतः ठाण्यात सोबत आले. नोंद क्रमांक मिळाला आहे. आई आता मुलीसोबत आहे. त्या शिकवणीला आणखी चार-पाच मुले जातात, ही गोष्ट मला अधिकाऱ्यांनी विचारल्यावरच सुचली, तीही सांगितली.

एक लहानसे विचारायचे राहिले. हजेरीच्या कागदामागे घाईत लिहिलेल्या नोंदीत खाडाखोड आहे, एक वाक्य तर मी अर्धे खोडून पुन्हा लिहिले आहे. संस्थेच्या फायलीसाठी आणि पोलिसांना देण्यासाठी ती सुवाच्य अक्षरात उतरवून काढू का?

बाल कल्याण समितीचे माजी सदस्य

उतरवू नका. तोच कागद मूळ नोंद आहे. खोडलेले वाक्य खोडलेलेच दिसू द्या; त्यावर पांढरी शाई लावू नका. कागदाखाली आजची तारीख घालून वेगळ्या ओळीत एवढेच लिहा की ही नोंद अमुक दिवशी, अमुक वाजता, मुलगी गेल्यानंतर किती मिनिटांनी, कोणत्या खोलीत लिहिली, आणि सही करा. तुम्ही तिला विचारलेला प्रश्न लिहिलेला नसेल तर तो आठवेल तसा याच ओळींमध्ये, नंतर लिहिला असे नमूद करून, घाला. हजेरीच्या बाजूला इतर मुलांची नावे आहेत, ही बाब अधिकाऱ्यांना कागद देतानाच सांगा, म्हणजे प्रत काढताना ती बाजू जपली जाईल. कागद दिल्याची पोच घ्या, आणि तुमच्याकडील छायाप्रत इतर नोंदवह्यांत न ठेवता कुलपाच्या कपाटात, वेगळ्या बंद पाकिटात ठेवा.