स्पेनला जाण्यापूर्वी: उच्चार देवनागरीत लिहून घ्यावेत का?

शिवाजीपार्ककर

नमस्कार. येत्या ऑक्टोबरमध्ये मी आणि माझे यजमान माद्रिद, सेविया, ग्रानादा आणि बार्सेलोना असा सोळा दिवसांचा प्रवास करणार आहोत. पर्यटन कंपनीबरोबर न जाता सर्व काही आम्ही स्वतःच ठरवले आहे. मला कोणतीही परीक्षा द्यायची नाही. दुकानात नमस्कार करता यावा, रस्ता विचारता यावा आणि ताटात काय आले आहे हे खाण्यापूर्वी कळावे, एवढीच माझी अपेक्षा आहे. यजमानांच्या मते इंग्रजीवर निभावेल.

मी एक वही केली असून तिच्यात रोजच्या उपयोगाची वाक्ये देवनागरीत लिहून घेते. भाचीचे म्हणणे असे की ही पद्धत जुनाट आहे आणि त्यामुळे उच्चार कायमचे बिघडतील. तसे खरेच होते का? दुसरी शंका अशी की मोबाइलवरील एक शिकवणी 'ग्राथियास' म्हणते आणि दुसरी 'ग्रासियास'. यांपैकी शुद्ध कोणते मानावे? आणखी एक अडचण म्हणजे मी पूर्ण शाकाहारी आहे, अंडेही खात नाही. यजमानांना मात्र अंडे चालते.

मुलुंडची मास्तरीण

वही बंद करू नका. मी गेली काही वर्षे मुंबईत प्रौढांना स्पॅनिश शिकवते आणि माझा अनुभव असा आहे की मराठी माणसाचे उच्चार मराठीमुळे क्वचितच बिघडतात. ते बिघडतात शाळेत घोटलेल्या इंग्रजीमुळे. रोमन अक्षरे दिसली की आपण नकळत इंग्रजी वाचू लागतो आणि 'तोमाते'चे 'टोमॅटे' करतो. स्पॅनिशमध्ये ट आणि ड नाहीतच; तेथे आपले दंत्य त आणि द आहेत. प आणि क सुद्धा आपल्यासारखेच, हवेचा झोत न सोडता उच्चारले जातात. जे साध्य करण्यासाठी इंग्रज विद्यार्थ्याला महिनोन्महिने घालवावे लागतात, ते आपल्याला आईच्या भाषेतून फुकट मिळालेले आहे.

स्वर पाचच आहेत: आ, ए, इ, ओ, उ. ऱ्हस्व-दीर्घ भेदाने अर्थ बदलत नाही. आपला आखूड 'अ' तेथे नाही, म्हणून 'ग्रानादा' लिहिताना प्रत्येक काना द्यावा आणि तो वाचावाही.

देवनागरीने फसगत होते ती चार-पाच ठिकाणी. पहिली जागा च. मराठीत 'चहा'चा च वेगळा आणि 'चोर'चा वेगळा; स्पॅनिशला फक्त 'चहा'चा चालतो. 'ओचो' म्हणजे आठ, परंतु तसे लिहिले की आपण तो 'चोर'सारखा वाचतो. त्यामुळे वहीत 'ओच्यो' आणि 'मुच्यास ग्रासियास' असे लिहावे. दुसरी जागा झ. स्पॅनिशमध्ये हा ध्वनी नाही. दादरच्या प्लाझामुळे आपल्या कानांत जो शब्द बसला आहे, त्याचा मूळ अर्थ चौक असून त्याचा उच्चार 'प्लासा' किंवा 'प्लाथा' होतो. तिसरी जागा फ: तो 'फळ'मधला नव्हे, 'फॅन'मधला घ्यावा. चौथी जागा ख. 'खामोन' म्हणजे डुकराच्या मांसाचा प्रकार. त्यातील ख हा 'खांब'मधला नसून उर्दू गझलेत ऐकू येणारा, घशाशी घासत निघणारा 'ख़' आहे. तो न जमल्यास सरळ ह म्हणावा, कारण लॅटिन अमेरिकेच्या मोठ्या भागात तसेच म्हणतात.

रोमन h हे अक्षर लिहिले जाते, पण उच्चारले जात नाही. म्हणून नमस्काराचा शब्द 'ओला', आणि तो म्हणताना मुंबईकराच्या डोळ्यांसमोर टॅक्सी उभी राहिली तर त्यास इलाज नाही. ब आणि व यांची अक्षरे दोन असली तरी ध्वनी एकच आहे: बोलण्याच्या सुरुवातीला तो ब ऐकू येतो, दोन स्वरांमध्ये मऊ होऊन आपल्या व कडे झुकतो. आपण ज्या शहराला हवाना म्हणतो, त्याचे तेथील नाव 'ला आवाना', आणि त्यात हे दोन्ही नियम एकदम दिसतात.

र बद्दल सांगायचे तर 'पेरो' म्हणजे 'परंतु' आणि 'पेर्रो' म्हणजे कुत्रा. 'भुर्रकन उडाला' म्हणताना जीभ जशी थरथरते, तशी दुसऱ्या शब्दात थरथरली पाहिजे. तुम्हाला 'भुर्र' म्हणता येते, म्हणजे हा धडा झाला.

आता तुमची शंका. दोन्ही उच्चार शुद्ध आहेत. स्पेनच्या बहुतेक भागात 'ग्राथियास', तर लॅटिन अमेरिकेत, कॅनरी बेटांवर आणि दक्षिण स्पेनमधील अंदालुसियाच्या पुष्कळ भागात 'ग्रासियास' म्हणतात. तुम्ही जाणार आहात ते सेविया शहरही याच दुसऱ्या गटात मोडते. शिवाय हा थ आपल्या 'थंड'मधला नव्हे. त्यासाठी जिभेचे टोक दातांमध्ये ठेवून नुसती हवा सोडावी लागते. तुम्ही स म्हणा आणि निश्चिंत राहा.

गिरगावकर

उच्चारांवर मी बोलणार नाही, परंतु जेवणाबद्दल मला बोललेच पाहिजे. ग्रानादात पेय मागवले की त्याबरोबर एक लहानशी बशी फुकट येते, आणि ती येते ती बहुधा मांस घेऊनच. पहिल्या संध्याकाळी मी मोठ्या आत्मविश्वासाने 'सिन कार्ने', म्हणजे मांसाविना, असे सांगून कोशिंबीर मागवली आणि तिच्यावर ट्यूना मासा पसरलेला आला. वाढणाऱ्याचा काहीच दोष नव्हता. तेथे 'कार्ने' म्हटले की अनेकांच्या मनात लाल मांस येते. मासा, कोंबडी आणि खामोन हे त्यात मोडतात असे त्यांना वाटत नाही. म्हणून संपूर्ण यादी म्हणावी लागते: 'नो कोमो कार्ने, नी पोयो, नी पेस्कादो, नी खामोन, नी वेवो.' मांस, कोंबडी, मासा, खामोन आणि अंडे यांपैकी मी काहीही खात नाही, असा त्याचा अर्थ. समोरच्या पदार्थाकडे बोट दाखवून 'येवा वेवो?' विचारले की त्यात अंडे आहे का हे कळते.

दोन शब्दांपासून विशेष सावध राहावे. स्पेनमधील 'तोर्तिया' ही मेक्सिकोतील मक्याची पोळी नसून अंडे-बटाट्याचे जाड ऑम्लेट असते. ते यजमानांना द्यावे. 'मान्तेका' हा शब्द अर्जेंटिनात लोण्यासाठी वापरतात, परंतु स्पेनमध्ये त्याचा अर्थ डुकराची चरबी होतो, आणि तेथील काही पारंपरिक बिस्किटांत ती असते. तेथे लोण्याला 'मान्तेकिया' म्हणतात. सेवियात पालक आणि काबुली चण्यांची 'एस्पिनाकास कोन गार्बान्सोस' नावाची भाजी मिळते. ती खाताना मला तर घरची आठवण झाली. मात्र तीही विचारूनच घ्यावी.

पार्लेकर

मास्तरीणबाईंशी मी अर्धाच सहमत आहे. वहीमुळे बोलता येईल, परंतु उत्तर ऐकू कसे येणार? 'क्वांतो क्वेस्ता?' म्हणजे किंमत केवढी, हे सर्वजण पाठ करतात. पुढे दुकानदार भराभर आकडा सांगतो आणि आपण पाहत राहतो. 60 म्हणजे 'सेसेंता' आणि 70 म्हणजे 'सेतेंता', यांतील फरक एका अक्षराचा आणि दहा युरोंचा आहे. रोज पंधरा मिनिटे केवळ आकडे ऐकावेत. दोस, त्रेस, सिएते, ओच्यो, नुएवे, दिएस हे आपल्या दोन, तीन, सात, आठ, नऊ, दहाचे दूरचे भाऊबंद आहेत, त्यामुळे ते लवकर बसतात. तरीही आकडा निसटल्यास 'मास देस्पासियो, पोर फावोर', म्हणजे कृपया सावकाश, असे म्हणावे.

माद्रिदच्या मेट्रोत 'प्रोक्सिमा एस्तासियोन' अशी घोषणा होते. ती पुढील स्टेशनची असते. माझी आजी 'इष्टेशन' म्हणत असे आणि आम्ही हसत असू, परंतु स्पॅनिश लोकांनाही स ने सुरू होणाऱ्या शब्दारंभीच्या जोडाक्षरापूर्वी ए लावल्यावाचून चैन पडत नाही.

शब्द लक्षात ठेवण्यासाठी पोर्तुगीजांचेही आभार मानावेत. वसई-मुंबई भागात त्यांनी मागे ठेवलेले पगार, पाव, चावी आणि बटाटा हे शब्द स्पॅनिशमध्ये भावंडांच्या रूपात भेटतात: 'पागार' म्हणजे पैसे देणे, 'पान' म्हणजे पाव, 'यावे' म्हणजे चावी आणि 'पाताता' म्हणजे बटाटा.

मुलुंडची मास्तरीण

पार्लेकरांची आकड्यांची सूचना मला मान्य आहे. मी ती आधीच द्यायला हवी होती. एक भर घालते. आघात चुकला तर शब्द ओळखू येत नाही. शब्द स्वराने, न ने किंवा स ने संपत असेल तर उपान्त्य, म्हणजे शेवटून दुसऱ्या, अक्षरावर जोर येतो, अन्यथा शेवटच्या. याला अपवाद असेल तेथे स्वरावर तिरपी रेघ छापलेली असते. लॅटिन अमेरिकेत पहिल्या अक्षरावर जोर दिलेला 'पापा' हा बटाटा असतो, तर दुसऱ्यावर दिलेला 'पापा' म्हणजे वडील. वहीत जोराच्या अक्षराखाली रेघ ओढावी.

दुकानात शिरताना प्रथम 'ब्वेनोस दीआस' म्हणावे आणि मगच विचारावे. तेथे दुपारचे जेवण दोनच्या पुढे होते आणि तोपर्यंत हेच चालते. त्यानंतर 'ब्वेनास तार्देस'. आपल्या 'आपण'सारखा आदरार्थी 'उस्तेद' आहे, परंतु स्पेनमध्ये तरुण वेटर तुम्हाला सरळ 'तू' म्हणेल. शब्दही 'तू' आणि अर्थही तू. त्यात अनादर मानू नये.

शिवाजीपार्ककर

सर्वांचे मनापासून आभार. च च्या जागी च्य करून अर्धी वही पुन्हा लिहिली. मी 'सोय वेखेतारियाना' असे लिहिले आहे, ते बरोबर आहे ना? यजमानांनी एकच वाक्य पाठ करण्याचे कबूल केले आहे, ते म्हणजे बिल मागण्याचे 'ला क्वेंटा, पोर फावोर'.

मुलुंडची मास्तरीण

तुमचे वाक्य अगदी बरोबर आहे. यजमानांना 'क्वेंता' म्हणायला सांगावे. ट नको, त.