डांगी बैलजोडी सांगोल्यात टिकेल का?

प्रश्न: रान मुरमाड, सांगोल्याजवळ. अकोले-इगतपुरीकडची डांगी जोडी आणावी म्हणतोय. जमेल का?

उत्तर १: टिकेल की, पण तिचा खरा गुण इथं वाया जाणार. डांगीच्या कातडीतून तेलकट स्राव येतो, म्हणून सह्याद्रीच्या मुसळधार पावसात भातखाचरातली चिखलणी ती झेपवते. आपल्याकडं पाऊस पडतोच किती!

उत्तर २: दादा, आधी खूर बघा. काळा, टणक, मधली फट अरुंद असा हवा. पांढुरका मऊ खूर मुरमावर झिजतो, बैल लंगडतो.

उत्तर ३: आणलीच तर वैरण एकदम बदलू नका. तिकडं भाताचा पेंढा, इकडं कडबा. पहिले दोन दिवस पाऊण हिस्सा पेंढा, पाव हिस्सा कडब्याची कुट्टी (बारीक तुकडे); मग वाढवत आठ-दहा दिवसांत पूर्ण कडब्यावर. घाई केली की जनावर रवंथ सोडतं, पोट फुगतं. तीन आठवडे बाकीच्या जनावरांपासून लांब बांधा. लाळ्या-खुरकूत आणि लम्पीची लस झालीय का, हे पैसे देण्याआधी विचारा.

प्रश्नकर्ता: मग आपल्याकडची खिलार जातीची जोडीच?

उत्तर १: कोरड्या रानाला खिलारच. रविवारी सांगोल्याच्या बाजारात बघा. उभी जोडी बघून सौदा नको राव, वीस-पंचवीस पावलं चालवायला लावा. मागचा पाय पुढच्याच्या ठशाच्या फार अलीकडं पडत असेल तर सोडा.