पैठणच्या पोथीत मोडी नको

सातवाहनकाळात लिहिलेली, काळ थांबवणारी पोथी पैठणच्या वाड्यात सापडते, ही तुमची कथाकल्पना झकास. पण पोथी मोडीत आणि कागदावर? तिथंच गाडी अडली. सातवाहनांचे लेख ब्राह्मीत, भाषा प्राकृत. मोडी आणि कागद दोन्ही फार नंतरचे. मूळ ताडपत्र हरवलं, हाती आली ती महानुभाव पंथातली नक्कल, असं केलं तर? त्या पंथानं ग्रंथ झाकायला सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्या वापरल्याच होत्या. नायकाला आधी लिपी फोडू द्या, मंत्र नंतर.

मंत्रापेक्षाही मला घटिकापात्र जास्त भावतं. बुडाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी पाण्यात सोडायची, ती भरून बुडाली की एक घटिका, म्हणजे 24 मिनिटं. दिवसाच्या अशा 60. लग्नाचा मुहूर्त साधायला हेच वापरत. भास्कराचार्यांच्या लेकीच्या, लीलावतीच्या आख्यायिकेत छिद्रात मोती अडकतो आणि मुहूर्त टळतो. वाटी बुडली नाही, पण काळ काही थांबला नाही! तुमच्या पोथीत मात्र वाटी तरंगते तोवर काळ खरोखरच थांबू द्या. आणि थांबलेली पळं कुणाच्या तरी आयुष्यातून वजा होऊ द्या, नाहीतर जादू फुकटची वाटते.

शिवाय आपल्या मराठवाड्यात दुष्काळ पडला की वाटी तरंगवायला पाणी कुठून आणणार? गोदावरी आटलेल्या वर्षी विद्याच चालत नाही. माझ्या मते कथा तिथूनच सुरू करा. वाड्याचं वर्णन दोन ओळीत उरका.